चार भोकं, दोन भोकं

ट्रान्सपोर्ट नगरात, तिसऱ्या गल्लीत,
माझ्या डेंटिंग-पेंटिंगच्या शेडमध्ये
मागची भिंत पक्ष्यांची आहे.
भंगारात निघालेल्या सारस मोटारींच्या
बॉनेटवरची चिन्हं
मी एकेक खिळ्याला अडकवत आलो.
चौतीस वर्षं.

परवा कंपनीची एक मुलगी आली,
गळ्यात ओळखपत्र, हातात कॅमेरा.
काका, आमच्या लोगोचा इतिहास करतेय.
म्हटलं, कर. पण जपून, खाली थिनर सांडलंय.

तिच्याकडे छापील कागद होता.
त्यात लिहिलं होतं: साधेपणाकडे प्रवास.

पहिला हा, पितळेचा.
ह्याचा नमुना विश्वंभर इंगळ्यांनी
जीवाजीगंजात मांडीवर पाट घेऊन कोरला.
दोन सारस, समोरासमोर,
एकाच्या चोचीत गवताची काडी.
वजन पाऊण किलो.
बॉनेटला चार भोकं पाडावी लागत,
आणि चारही भोकांतून गंज खाली ओघळे.

काडी कुठं गेली?
फडक्यात.
ड्रायव्हर सकाळी गाडी पुसायचे,
फडकं काडीत अडकून टर्रकन फाटायचं.
भिंडहून तक्रार आली, झाशीहून आली,
काही झालं नाही.
दिल्लीहून एक पत्र आलं, काडी गेली.

पाय गेले ते पोरांमुळे.
फालका बाजारात गाडी रात्रभर उभी राहिली
की सकाळी पक्षी लंगडा.
जोडलेले दोन पाय म्हणजे
गलोलीला आयतं बेचकं.
माझ्याकडेही एक होतं.

मग पितळ महागलं.
जस्ताचं ओतकाम, वर निकेल, वर क्रोम.
दोन माना साच्यातून सुटेनात,
म्हणून एक सारस काढला.
कोणता काढायचा, यावर मोठी मीटिंग झाली म्हणतात.
रफीउद्दीन तेव्हा तिथं पॉलिशला होता.
तो म्हणायचा, मीटिंग कसली,
डावीकडची बाजू झिजली होती.

कागदात होतं: एकच पक्षी, म्हणजे एकाग्रता.
मी विचारलं, बाई, खरा सारस कधी बघितलास?
ती म्हणाली, स्क्रीनवर.
तिघरा धरणाच्या वाटेवर, भाताच्या खाचरात,
एक दिसला ना,
की आपलीच मान वळते
दुसरा कुठं आहे ते बघायला.

तर, चाराची दोन भोकं झाली.
पुढं प्लास्टिक.
पिसं बारा होती, पाच झाली, मग तीन.
पंखांची टोकं घासून गोल केली,
धडकलेल्या माणसाला रुतू नयेत म्हणून.
ह्या बदलाला माझी हरकत नाही.
हजिऱ्याच्या चौकात सायकलवरून पडलेल्या
मातादीन तोमरची बरगडी मी बघितली आहे.

आता नुसती मान उरली.
एक वळलेली रेघ, रात्री आतून उजळते.
भोकं शून्य. टेपवर चिकटते.
माझा पोऱ्या परवेज
डोकं तिरकं करून म्हणाला,
उस्ताद, ये तो दो का आकडा है.
बघितलं. खरंच,
२.

मुलीनं पितळेचा मागितला, संग्रहालयासाठी.
मी खिळ्यावरून काढून तिच्या तळहातावर ठेवला.
हात खाली गेला तिचा.
तिनं उलटा केला.
मागं बारीक अक्षरं होती, बॉनेटकडच्या अंगाला,
जिथं कुणी बघत नाही:
मजुरी येणे, अकरा रुपये. वि. इं.

नमुन्यातच कोरलं होतं त्यांनी.
म्हणजे ओतलेल्या प्रत्येक पक्ष्यावर ते उतरलं,
आणि अकरा रुपये
सगळ्या गाड्यांनी वाहिले,
वरातीत, मिरवणुकीत, साहेबांच्या दौऱ्यावर,
कुणाला पत्ता न लागता.

ती बराच वेळ बघत राहिली.
मग फोटो काढला. म्हणाली,
हे इतिहासात घेता येईल का,
विचारून सांगते.

मी पक्षी परत अडकवला.
या वेळी, पाठ बाहेर करून.